रुआन लिंगयूच्या भानगडीच का?

महोदय,

महिला दिनाच्या पुरवणीतला शांघायच्या मूकपटांवरचा लेख वाचला. विषय निवडल्याबद्दल आभार, पण चिनी मूकपटांतली अभिनेत्री रुआन लिंगयू हिचे प्रेमसंबंध, कोर्टकज्जे आणि आत्महत्या यांतच लेख संपला. तिच्या कामाच्या वाट्याला जेमतेम दोन ओळी आल्या.

‘शेन्न्यू’ (१९३४) हा वू योंगगांग यांचा दिग्दर्शक म्हणून पहिलाच चित्रपट. शेन्न्यू म्हणजे देवी, आणि आडून म्हणायचे तर वेश्यासुद्धा. मुलाला शिकवायचे म्हणून रुआनने केलेली ही आई रात्री रस्त्यावर उभी राहते, पैसे भिंतीतल्या विटेमागे लपवते. एक जुगारी गुंड तेही हुडकून काढतो. शाळेच्या कार्यक्रमात पोरगा गाणे म्हणतो, आई कौतुकाने बघत असते आणि तिकडे बायका एकमेकींच्या कानाला लागतात. मूकपट असून ती कुजबुज ऐकू येते! पुढे पालकांच्या तक्रारी जातात. मुख्याध्यापक तिच्या बाजूने भांडतात, पण संस्थाचालक मुलाला काढतातच. रुआनने यात कुठेही रडारड केलेली नाही. सगळे डोळ्यांत आणि चालण्यात आहे.

पडद्यावरची ती कुजबुज पुढे तिच्याच वाट्याला आली. फेब्रुवारी १९३५ मध्ये दिग्दर्शक त्साय चुशेंग यांचा, रुआनचीच प्रमुख भूमिका असलेला ‘नवी स्त्री’ (मूळ नाव ‘शिन न्यूशिंग’) लागला. आधीच्या वर्षी आत्महत्या केलेल्या आय श्या या अभिनेत्री-लेखिकेवर तो बेतलेला. त्यात एक बातमीदार फारच हलकट दाखवला म्हणून शांघायचे पत्रकार खवळले, त्यांनी चित्रपट कंपनीला माफी मागायला लावली. मग त्यांच्या लेखण्या रुआनकडे वळल्या. जुन्या जोडीदाराने तिला कोर्टात खेचले होतेच. सुनावणी तोंडावर असताना ८ मार्चला तिने झोपेच्या गोळ्या घेतल्या. वय २४.

त्यावर चिनी लेखक लू शुन यांनी लेख लिहिला. शीर्षकाचा अर्थ ‘लोकापवाद भयंकर’ असा. वृत्तपत्रांच्या हाती आता काय ताकद उरली, म्हणणाऱ्यांना त्यांनी सुनावले की बलवानांपुढे नसेल, दुबळ्यांपुढे ती आहेच. आपल्या लेखकाने तिच्या भानगडींना रकाने दिले तेही ८ मार्चलाच, हे मात्र खटकले.

‘शेन्न्यू’ दीड तासाच्या आत पाहून होतो. पुढच्या एखाद्या पुरवणीत त्यावर सविस्तर लिहून घ्यावे, ही विनंती.

– एक जुना वर्गणीदार, सातारा