मळा विकायचा नाही

ती. बाबांस व सौ. आईस,
साष्टांग नमस्कार वि. वि.

रेशनकार्डाच्या पिशवीत घडी घालून ठेवलेली, दादाच्या कर्जाबद्दलची बँकेची नोटीस मला सापडली, तेव्हा तिच्यावरच्या तारखेला ३८ दिवस उलटून गेले होते. बाबा, दादाच्या छापखान्यावरून मी दिवाळीत जे बोलले, त्यानंतर ती तुम्ही मला दाखवणार तरी कशी? त्या बोलण्याची मला मनापासून खंत वाटते.

तुम्हाला न विचारता मी वकील ठरवला आहे. मळा विकून मोकळे व्हावे, असे तुमच्या मनात आहे, हे आईने सांगितले; परंतु ज्या सरफेसी कायद्याने बँकेला कोर्टात न जाता तारण ताब्यात घेता येते, त्याच्या कलम ३१ नुसार शेतजमिनीवर या कायद्याखाली कारवाई करता येत नाही, आणि तरीही नोटिशीत घराबरोबर मळ्याचाही गट क्रमांक घातलेला आहे. शिवाय दादाने भरलेले दोन हप्ते रकमेतून वजा झालेले दिसत नाहीत. जामीनदार म्हणून तुमची जबाबदारी आहे आणि जे खरे देणे निघेल ते आपण फेडू; चुकीच्या हिशोबापायी मात्र मळा जाऊ देणार नाही.

केवळ मागणी नोटिशीवर कर्जवसुली न्यायाधिकरणात, म्हणजे अशा कर्जांचे वाद ऐकणाऱ्या कोर्टात, जाता येत नाही. आधी ६० दिवसांच्या आत लेखी आक्षेप द्यायचा, त्याला बँकेने १५ दिवसांत सकारण उत्तर द्यायचे, आणि तरीही तिने ताब्याचे पाऊल उचलले, तर त्यानंतर ४५ दिवसांत पुण्याच्या कर्जवसुली न्यायाधिकरणात अर्ज करायचा, असा क्रम आहे. त्यासाठी आधी मोठी रक्कम भरावी लागेल, ही भीती काढून टाका. पूर्वीची ७५ टक्के रक्कम भरण्याची अट सर्वोच्च न्यायालयाने २००४ मध्येच मार्डिया केमिकल्सच्या निकालात रद्द केली. वकिलांची फी मी दिली आहे, तिचा विषय काढू नका.

आज लगेच कोणी तुम्हाला घराबाहेर काढू शकत नाही. आई, तुझे देवघर आणि ओसरीवरचा झोपाळा जागच्या जागीच आहेत. बाबा, हळद काढणीच्या दिवसांत तुम्ही मला सायकलच्या दांडीवर बसवून मळ्यात न्यायचे आणि येताना माझे पिवळे झालेले तळवे स्वतःच्या धोतराने पुसायचे. तो मळा मी सहज कसा सोडू?

आता नीट ऐका. सोबतच्या आक्षेपावर पेन्सिलीची खूण केली आहे तिथेच सही करा आणि दुसऱ्या कोणत्याही कागदावर करू नका. वसुलीवाल्यांना रोख पैसे देऊ नका; सकाळी ८ च्या आधी किंवा संध्याकाळी ७ नंतर त्यांनी फोन करायचा नाही, असा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे, त्यामुळे अवेळी आलेला फोन आईने उचलू नये. रक्तदाबाची गोळी चुकवू नका. हळदीची पीकपाहणी असलेला सातबारा तलाठ्याकडून काढून ठेवा, मी शनिवारी पहिल्या एसटीने येते आणि सही केलेले कागद स्वतः घेऊन जाते. दादाला काही बोलू नका, त्याच्याशी मी बोलेन.

तुमची,
धाकटी