मंत्रिमहोदय, तारीख आमच्या जिल्ह्यात पडू द्या

मा. विधी व न्याय मंत्री, महाराष्ट्र राज्य, यांस

सा. न. वि. वि.

गुहागर तालुक्यातून लिहितेय. दीड वर्षापूर्वी माझी लेक चार वर्षांच्या नातीला घेऊन माहेरी आली. जावई मुंबईत चाकरमानी. महिनाभरात घटस्फोटाच्या दाव्याचं समन्स आलं, मुंबईच्या न्यायालयाचं. तेव्हापासून आमच्या घरी कॅलेंडर उघडतं ते फक्त तारखा बघायला.

तारखेच्या आदल्या दिवशी एसटीने चिपळूण, तिथून रात्रीची गाडी. रिझर्व्हेशन मिळालं तर मिळालं. गणपती-शिमग्याला तर नावच नको. मागच्या जुलैत नातीच्या अंगात ताप होता, तरी नेली, कारण ती आईशिवाय राहत नाही. दादरला स्टेशनवरच तोंडं धुतली. अकरापासून बाकावर बसलो, पुकारा झाला साडेतीनला. समोरचे वकील आले नव्हते. तारीख पडली, दोन मिनिटांत. नात मांडीवर झोपलेली, वही तिच्या डोक्याखालच्या पिशवीत. लेकीने पुढची तारीख तळहातावर लिहून घेतली.

कायद्याने बायकांसाठी काहीच केलं नाही असं मी म्हणणार नाही. हिंदू विवाह कायद्यात २००३ साली दुरुस्ती झाली आणि पत्नीला ती राहते तिथल्या न्यायालयात अर्ज करायची मुभा मिळाली. पण नवऱ्याने आधी दावा लावला असेल, तर कलम २१-अ आडवं येतं. दोघांनी वेगवेगळ्या जिल्ह्यांत घटस्फोट मागितला, की मागाहून केलेला अर्ज पहिल्या न्यायालयाकडे वर्ग होतो. पोर कडेवर घेऊन घराबाहेर पडलेली बाई आधी वकिलाकडे धावते का हो? ती पोराच्या दुधाची सोय बघते. तोवर पहिला नंबर दुसऱ्याचा लागलेला असतो.

केस इकडे वर्ग करून घ्यायला दिवाणी प्रक्रिया संहितेचं कलम २४ आहे. अशा अर्जात साधारणपणे बायकोची गैरसोय आधी पाहावी, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्येही म्हटलंय. पण तो अर्ज करायचा उच्च न्यायालयात, आणि आमच्या वकिलांनी तोही मुंबईलाच केला. अंतर झेपत नाही हे सांगायला तेच अंतर कापायचं! विधी सेवा प्राधिकरणाच्या १९८७च्या कायद्याने बाईला उत्पन्न न बघता फुकट वकील मिळतो, पण गाडीभाडं आमच्या पदरचंच. खटल्याचा खर्च नवऱ्याकडून मागता येतो, त्या अर्जाचा निकाल शक्यतो ६० दिवसांत लागावा असं कायदाच म्हणतो. आमच्या अर्जाला वर्ष होत आलं.

व्हिडिओवर का हजर राहत नाही, असं लोक विचारतात. समेटाचे प्रयत्न फसल्यावर आणि दोघांची संमती असली तरच तशी मुभा, असं २०१७ साली सर्वोच्च न्यायालयाने ठरवलं. मला ते पटतं. संसार सांधायची बोलणी समोरासमोरच व्हावीत. पण केस कुठे चालवायची, एवढ्याच प्रश्नावर पडद्यावरून ऐकून घ्यायला काय हरकत आहे?

माझी विनंती अशी, की केस वर्ग करण्याचा अर्ज रत्नागिरीच्या जिल्हा न्यायालयात देता यावा आणि तिथूनच व्हिडिओवर सुनावणी व्हावी, यासाठी शासनाने उच्च न्यायालयाशी बोलावं. त्या अर्जाचा निकाल लागेपर्यंत, गैरहजर राहिली म्हणून बाईविरुद्ध एकतर्फी हुकूम होऊ नये. तारखेचं भाडं तालुका विधी सेवा समितीकडून मिळावं. आणि विवाह हा विषय समवर्ती सूचीत आहे, म्हणजे त्यावर केंद्र आणि राज्य दोघांनाही कायदा करता येतो. कलम २१-अ मध्ये राज्यापुरती दुरुस्ती राष्ट्रपतींच्या संमतीने होऊ शकते. लहान मूल जिच्यापाशी आहे तिचं न्यायालय आधी, इतकंच त्यात घाला.

जावयाचीही अडचण असेल, त्याच्या रजा बुडतील, हे मला कळतं. प्रत्येक केस इकडेच यावी असा माझा हट्ट नाही. दोघांचं ऐका, पण लवकर ऐका.

पुढची तारीख पुन्हा जुलैत आहे. २०२४च्या जुलैत खेडजवळ दिवाणखवटीला दरड कोसळून कोकण रेल्वे ठप्प झाली होती. यंदा तसं झालं तर आमच्या गैरहजेरीचं कारण कोण ऐकणार, या विचाराने लेकीला झोप लागत नाही.

आपण रत्नागिरीच्या दौऱ्यावर याल तेव्हा पाच मिनिटं द्यावीत. तारखांची वही घेऊन आम्ही दोघी येऊ.

आपली,
गुहागर तालुक्यातील एक आई