साठ रुपयांची शेव आणि कलम ४०

मा. अन्न व औषध प्रशासन मंत्री, महाराष्ट्र राज्य

सप्रेम नमस्कार.

आपला वेळ मोलाचा आहे, म्हणून थोडक्यात लिहायचं ठरवलं होतं. जमेलसं दिसत नाही.

दोन महिन्यांपूर्वी शेवेच्या सीलबंद पाकिटातली तार माझ्या दाढेखाली आली आणि दाढ उभी चिरली. दातांच्या डॉक्टरांनी तार चिमट्यात धरून उजेडात पाहिली. म्हणाले, ‘‘ही चाळणीची दिसते, गुरुजी.’’ रूट कॅनाल आणि वर टोपी मिळून ९,२०० रुपये. शेव ६० रुपयांची. तीन आठवडे मऊ भात खाल्ला, रात्री उशी गालाखाली दाबून बसून काढल्या. आमची ही समोर बसून चकली मोडायची, तो आवाजही सहन होईना.

पाकीट, तार, बिल घेऊन आपल्या खात्याच्या कार्यालयात गेलो. साहेब म्हणाले, ‘‘पंधरा दिवसांत कळवतो.’’ आज ४१ दिवस झाले. बाहेरच्या टेबलावरच्यांनी मात्र लगेच कळवलं होतं: ‘‘पाकीट फोडलेलं आहे, हा नमुना धरता येत नाही. त्याच बॅचचं बंद पाकीट आणा.’’ पाकीट न फोडता शेव खायची विद्या मला येत नाही, साहेब. तरी दहा-बारा दुकानं फिरलो. ती बॅच संपली होती. म्हणजे बाकीच्या तारा लोकांनी गिळल्या असणार.

मग कायदाच वाचायला घेतला. अन्न सुरक्षा व मानके कायदा, २००६, कलम ४०: ग्राहकालाही फी भरून अन्न विश्लेषकाकडून तपासणी करून घेता येते. वाचून बरं वाटलं. खाली परंतुक, म्हणजे अट, आहे: तपासणीचा इरादा खरेदीच्या वेळीच विक्रेत्याला सांगायला हवा. म्हणजे पाकीट हातात घेतानाच मी म्हणायचं, ‘‘शेठ, यात तार निघेलसं वाटतंय, हिचं पृथक्करण करणार आहे हं.’’ हे ज्यानं लिहिलं त्यानं आयुष्यात कधी वाणसामान आणलं असेल का?

कायदा केंद्राचा आहे, हे आपले स्वीय सहायक सांगतीलच. पण फोडलेल्या पाकिटाचा निदान पंचनामा करा, कारखान्याच्या चाळण्या बघून या आणि काय दिसलं ते तक्रारदाराला एका ओळीत कळवा. याला दिल्लीची परवानगी लागते?

अन्नात बाहेरची वस्तू निघाली तर कलम ५४ खाली १ लाखापर्यंत दंड होतो. तो सरकारचा. दाढ माझी. इजेची भरपाई कलम ६५ मध्ये आहे, इजा गंभीर धरली नाही तर १ लाखापर्यंत; पण आधी कारवाई तर उभी राहायला हवी!

म्हणून ग्राहक आयोगात गेलो. ५ लाखांपर्यंतच्या खरेदीला फी नाही, हे मान्य करतो, चांगलं आहे. २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यानं निकाल ३ महिन्यांत, प्रयोगशाळेत तपासणी लागली तर ५ महिन्यांत द्यायचा. पहिल्याच तारखेला कळलं, सदस्याची जागा रिकामी आहे. पुढची तारीख घ्या. शिवाय कंपनीचे वकील विचारणार, पैसे मुलाच्या फोनवरून गेलेत, तुम्ही ग्राहक कसे? अहो, स्कॉटलंडातल्या एका बाईच्या बाटलीत गोगलगाय निघाल्याची तक्रार होती. बाटली मैत्रिणीनं घेऊन दिलेली. तरी उत्पादकाची जबाबदारी तिच्यापर्यंत पोचते, असं हाउस ऑफ लॉर्ड्सनं, म्हणजे ब्रिटनच्या तेव्हाच्या सर्वोच्च न्यायालयानं, १९३२ सालीच ठरवलं. आपल्या कायद्यातही खरेदीदाराच्या संमतीनं वस्तू वापरणारा ग्राहकच आहे. पण हे मलाच पाठ करून जावं लागणार.

सगळीकडे हेच. खड्ड्यात पडलो तर खड्डा होता हे मी दाखवायचं, तोवर तो मंत्र्यांच्या दौऱ्यासाठी बुजवलेला. मीटर पळतं हे मी सिद्ध करायचं, पेन्शन थकली तर हयातीचा दाखला मी आणायचा. नुकसान ज्याचं, पुरावा त्यानंच आणायचा, रजा काढून, झेरॉक्स काढून.

तार काडेपेटीत घालून देव्हाऱ्याशेजारी ठेवली आहे. आपल्या खात्याचं कुणी न्यायला येणार असेल तर दुपारी चारनंतर यावं. सकाळी मी दवाखान्यात असतो, टोपी अजून नीट बसलेली नाही.

आपला,
एक निवृत्त शिक्षक