टोल्यांची लोकसंख्या स्वतंत्रपणे प्रसिद्ध व्हावी

संपादक महोदय,

फेब्रुवारी 2027 मध्ये देशभर प्रत्यक्ष शिरगणती होणार असून 1 मार्च 2027 हा तिचा संदर्भ दिनांक ठरला आहे. यापूर्वीची जनगणना 2011 साली झाली, म्हणजे तब्बल सोळा वर्षांनी आपल्या गावांची लोकसंख्या नव्याने कळणार आहे. नागपुरात या विषयाची चर्चा होते ती बहुतेक शहराची लोकसंख्या किती वाढली आणि जातनिहाय आकडे काय येतील एवढ्यापुरतीच. मला मात्र आपल्या जिल्ह्यातील लहान गावांविषयी, त्यातही मूळ गावापासून अंतरावर वसलेल्या टोल्यांविषयी लिहायचे आहे, कारण त्यांची नोंद कशी होते याचा विचार वेळीच झाला नाही तर पुढील दहा वर्षे तो करता येणार नाही.

2011 च्या गणतीनुसार नागपूर जिल्ह्याची लोकसंख्या 46 लाख 53 हजारांच्या घरात होती आणि तीतील सुमारे 68 टक्के लोक शहरी भागात राहत होते. उरलेले पावणेपंधरा लाख लोक ज्या प्रदेशात राहतात, तो एकसारखा नाही. काटोल आणि नरखेडकडे काळी जमीन, संत्र्याच्या बागा आणि त्यामुळे बऱ्यापैकी एका जागी वसलेली गावे आहेत. रामटेक आणि पारशिवनीच्या उत्तर भागात सातपुड्याच्या पायथ्याचे जंगल सुरू होते, आणि तेथे एकाच गावाचे दोन-तीन टोले नाल्याच्या, टेकडीच्या किंवा राखीव जंगलाच्या पलीकडे असतात. कुहीच्या बाजूला कन्हान आणि वैनगंगेच्या काठाने धानाची शेती करणारी आणि मासेमारी करणारी वस्ती निरनिराळ्या टोल्यांत राहते. गोसीखुर्द धरणामुळे कुही आणि भिवापूर तालुक्यांतील कितीतरी गावे जुनी जागा सोडून पुनर्वसित गावठाणांत गेली, तेव्हा 2011 चा आकडा आणि आजची जागा यांचा तेथे मेळ बसेलच असे नाही.

जनगणनेत ग्रामीण भागातील सर्वांत लहान प्रसिद्ध होणारा घटक म्हणजे महसुली गाव. टोला कितीही जुना असो, त्याची माणसे मूळ गावाच्या आकड्यात मिळवली जातात आणि टोल्याचे नाव प्रकाशित तक्त्यात कोठेही येत नाही. याउलट आपल्या विदर्भात रिठी म्हणून ओळखली जाणारी ओसाड गावे आहेत. तेथे एकही माणूस राहत नाही, तरी मौजा, म्हणजे महसुली गाव, म्हणून त्यांची नोंद कायम असते, त्यांना जनगणनेचा क्रमांक मिळतो आणि गावांच्या यादीत त्यांची स्वतंत्र ओळ असते. रिठीची नोंद ठेवण्यात काही चूक नाही, जमिनीच्या व्यवहारासाठी ती आवश्यकच आहे. परंतु जिथे कोणी राहत नाही त्या जागेला यादीत स्थान आहे आणि जिथे चाळीस-पन्नास कुटुंबे पिढ्यान्‌पिढ्या नांदत आहेत त्या जागेला नाही, ही व्यवस्था जमिनीच्या मोजणीला योग्य असली तरी माणसांच्या मोजणीला योग्य म्हणता येणार नाही.

याचा परिणाम रोजच्या जगण्यावर होतो. प्रधानमंत्री ग्रामसडक योजना मैदानी भागात 500 आणि आदिवासी भागात 250 लोकसंख्येची वस्ती हा निकष मानते, म्हणजे तिचा घटक गाव नसून वस्ती आहे. मात्र त्या वस्तीची लोकसंख्या जनगणनेच्या प्रकाशित तक्त्यांतून मिळत नाही. मग ती कोणीतरी अंदाजाने किंवा निराळे सर्वेक्षण करून ठरवते आणि त्यावरून वर्षानुवर्षे वाद चालतो. प्राथमिक शाळा वस्तीपासून एक किलोमीटरच्या आत असावी असा शिक्षण हक्क कायद्याचा नियम आहे. वीसपेक्षा कमी पट असलेल्या शाळांचे समूह शाळेत एकत्रीकरण करण्याचा विचार राज्यात पुढे आला, तेव्हा खरा प्रश्न होता टोल्यात सहा ते दहा वर्षांची मुले किती आणि पावसाळ्यात त्यांच्या वाटेतला नाला ओलांडता येतो का, हाच. गावाच्या एकत्रित आकड्यातून या प्रश्नाचे उत्तर कधीही मिळणार नाही. ग्रामपंचायतीचा निधी आणि राष्ट्रीय अन्न सुरक्षा कायद्याखालील लाभार्थ्यांची मर्यादा यांनाही जनगणनेचाच आधार आहे. त्यांच्याबाबतीत टोल्याचा आकडा हाती असता, तर गावात आलेला निधी कोठे पोहोचला नाही हे ग्रामसभेला तरी विचारता आले असते.

मी जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षक होतो आणि प्रगणक म्हणून काम केले आहे. घरयादीच्या, म्हणजे शिरगणतीआधीच्या घरांच्या नोंदणीच्या वेळी प्रगणक आपल्याकडे दिलेल्या घरांच्या गटाचा नजरी नकाशा काढतो. पक्क्या घराला चौकोन, कच्च्या घराला त्रिकोण, आणि त्यात नाला, रस्ता, विहीर, मंदिर सारे येते. त्या नकाशावर टोला स्पष्ट दिसत असतो, प्रत्येक घराला क्रमांकही असतो. म्हणजे माहिती गोळा होत नाही असे मुळीच नाही. ती गोळा होते, वरच्या पातळीवर बेरजेत मिसळते आणि पुन्हा वेगळी काढली जात नाही. या वेळी गणती मोबाइलवर होणार असून इमारतींच्या जागेची भौगोलिक नोंदही घेतली जाणार आहे, त्यामुळे टोलानिहाय बेरीज काढण्यासाठी नवे मनुष्यबळ लागेल असे मला वाटत नाही.

टोल्यांना महसुली गावाचा दर्जा देणे हा एक मार्ग आहे, परंतु तो लांबचा आहे, आणि प्रशासकीय सीमा 31 डिसेंबर 2025 नंतर गोठवल्या गेल्याने या गणतीपुरता तो बंद झाला आहे. म्हणून माझी मागणी मर्यादित आहे. जिल्हाधिकारी कार्यालयाने प्रत्येक तालुक्यातील ग्राम महसूल अधिकारी (पूर्वीचे तलाठी) आणि ग्रामपंचायती यांच्याकडून टोल्यांची नावे, मूळ गावापासूनचे रस्त्याचे अंतर आणि पावसाळ्यात तुटणाऱ्या वाटा यांची यादी शिरगणतीपूर्वी तयार करून घ्यावी, प्रगणकाने घराच्या नोंदीत टोल्याचे नाव लिहावे, आणि जनगणना संचालनालयाने गावाच्या आकड्याखाली टोल्याची कुटुंबसंख्या, स्त्री-पुरुष संख्या आणि सहा वर्षांखालील मुलांची संख्या द्यावी. जनगणना अधिनियम, 1948 नुसार व्यक्तीची माहिती गोपनीय असते आणि अगदी लहान वस्तीत तपशील दिल्यास घर ओळखू येऊ शकते, हा आक्षेप रास्त आहे. त्यासाठी दहा-बारा घरांपेक्षा लहान टोल्यांचे फक्त नाव आणि एकूण लोकसंख्या द्यावी, बाकीचे तपशील देऊ नयेत.

जिल्ह्यातील सरपंच, ग्रामपंचायत अधिकारी (पूर्वीचे ग्रामसेवक) आणि शाळांचे मुख्याध्यापक यांनी आपापल्या गावाच्या टोल्यांची यादी येत्या ग्रामसभेत वाचून तहसील कार्यालयाकडे लेखी पाठवावी, अशी या पत्राद्वारे विनंती करतो.

आपला,
एक निवृत्त शिक्षक, नागपूर