‘थांबा की, आणखी एकदा बगू’ : पाटणच्या एका मिस्त्रींना आभाराचे पत्र

आदरणीय मिस्त्री,

सप्रेम नमस्कार.

आमची गाडी दुरुस्त केल्याबद्दलचे हे आभार मोबाइलवर दोन ओळींत कळवता आले असते. परंतु परवा टेबलाचा खण आवरताना गाडीच्या बिलांचा गठ्ठा हाती आला आणि त्यातल्या एका कागदाच्या पाठीवर धुळीच्या बारीक, समांतर रेघा उमटलेल्या दिसल्या. त्या कशाच्या आहेत हे तुम्हाला आणि मलाच ठाऊक आहे. तो कागद काही फाडवेना, म्हणून हे पत्र लिहायला बसले. तुमचे नाव कुठेही घालू नये, कारण मग ‘लोक रविवारीबी गाड्या घेऊन येतील’, असे तुम्ही निघताना हसत हसत सांगितले होते. ते पाळते आहे.

आमची गाडी बारा वर्षांची, लहान, पेट्रोलवर चालणारी. गेल्या ऑक्टोबरात पुण्यातल्या कर्वे रस्त्यावरच्या सिग्नलला उभी असताना तिच्या तापमानाचा काटा एकाएकी लाल रेघेकडे सरकू लागला, आणि पुढची वाहने सुटून गाडीने जरा वेग घेतल्यावर दोन-तीन मिनिटांत आपोआप मध्यावर आला. त्या दिवसापासून मे महिन्यापर्यंत मी तीन ठिकाणी गाडी दाखवली. पहिल्या गॅरेजने थर्मोस्टॅट, म्हणजे इंजिन पुरेसे तापेपर्यंत रेडिएटरकडे जाणारे पाणी अडवणारी झडप, काढून टाकला आणि आपल्या हवेत त्याची गरजच नसते, असे ज्ञान दिले. दुसऱ्याने रेडिएटर धुऊन दिला आणि कूलंट, म्हणजे इंजिन निववणारा खास द्रव, बदलल्याचे पैसे घेतले. तिसरे ठिकाण म्हणजे कंपनीचे अधिकृत सेवा केंद्र. तिथे काचेची थंडगार खोली आणि कॉफीचे यंत्र होते, गळ्यात ओळखपत्र अडकवलेला एक नम्र तरुणही होता. त्याने स्कॅनर जोडून रेडिएटरचा पंखा माझ्यासमोर फिरवून दाखवला, पंखा ठीक असल्याचे जाहीर केले आणि मग बहुधा हेड गॅस्केट (इंजिनच्या वरच्या भागाखालची, सांधा घट्ट ठेवणारी चकती) गेले असणार, असे म्हणून 38,000 रुपयांचा अंदाजखर्च माझ्या हातात ठेवला. मी काही विचारू लागले तेव्हा, ‘मॅडम, साहेबांशी बोलता येईल का?’ असे तो म्हणाला. घरात साहेब असे कोणी नाहीत आणि गाडी गेली बारा वर्षे मीच चालवते आहे, हे त्याला सांगून मी परत आले.

या तिन्ही ठिकाणी मी एक गोष्ट आवर्जून सांगितली होती. गाडी धावताना तापत नाही, उभी राहिली की तापते. कोणीही ती ऐकून घेतली नाही. मीसुद्धा त्यातून काढायचा तो निष्कर्ष काढला नाही, याची मला अधिक लाज वाटते, कारण बावीस वर्षे मी शाळेत विज्ञान शिकवते. गाडी वेगात असली की समोरची हवाच रेडिएटरवर आदळून आतले पाणी निववते, आणि गाडी उभी राहिली की ते काम एकट्या पंख्यावर येऊन पडते. इतके सरळ ते होते. माझ्या वडिलांच्या ॲम्बॅसेडरचा पंखा इंजिनच्या पट्ट्यावरच फिरायचा. इंजिन चालू तोवर पंखाही चालू, त्यामुळे पंखा कधी सुरू होतो आणि कधी बंद पडतो, हा प्रश्न आमच्या घरात कधी कुणाला पडलाच नव्हता. आताच्या गाड्यांचा पंखा विजेच्या मोटरवर, गरज पडेल तेव्हाच फिरतो, आणि त्यामुळे तो दगा देतोय हे गाडी पुरती तापेपर्यंत कळतच नाही.

थंडीत त्रास कमी झाला, म्हणून मी निर्धास्त झाले होते. मे महिन्यात आईच्या माहेरी, चिपळूणजवळ, लग्न होते. जाताना कुंभार्ली घाट उताराचा, तेव्हा काटा जागचा हलला नाही. परतताना मात्र घाटाच्या पायथ्याची पोफळी मागे पडली आणि पुढे जांभ्याचे चिरे भरलेला एक ट्रक आला. त्याच्या मागे पहिल्या गिअरमध्ये रांगत चढताना काटा जो वर चढू लागला, तो खाली यायचे नावच घेईना. इंजिनची उष्णता निदान थोडी तरी बाहेर पडावी म्हणून मी गाडीचा हीटर पूर्ण सोडला. दुपारचे बारा वाजले होते आणि शेजारी अठ्ठ्याहत्तर वर्षांची आई लग्नपत्रिकेने वारा घेत बसली होती. तिने एका शब्दाने तक्रार केली नाही. केली असती तर बरे वाटले असते.

घाट चढून हेळवाकला थांबलो तेव्हा एक गृहस्थ पाण्याची बाटली घेऊन मदतीला धावले आणि रेडिएटरचे झाकण उघडायला निघाले. कुकरमधली वाफ पुरती जिरल्याशिवाय झाकण उघडायचे नसते, हे मी दरवर्षी वर्गात शिकवते. दाबाखालचे पाणी 100 अंशांच्या वर गेले तरी उकळत नाही आणि झाकण सैल होताच तोंडावर उसळते. त्यांचा हात अक्षरशः धरून मी त्यांना थांबवले. अर्ध्या तासाने पुन्हा निघालो. मोकळ्या रस्त्यावर काटा उतरला, आणि पाटणच्या अलीकडे एका एसटीमागे पाच मिनिटे अडकताच पुन्हा वर गेला. समोर तुमचा पत्र्याचा आडोसा आणि त्याच्याशेजारी आंब्याची सावली दिसली. खरे सांगायचे तर मी सावली पाहून थांबले होते, गॅरेज पाहून नव्हे.

तुम्ही हात पुसत बाहेर आलात आणि बॉनेटला हातही न लावता विचारलेत, “ताई, पळताना तापती का हुबी असताना?”

सात महिन्यांत हा प्रश्न मला पहिल्यांदाच कोणी विचारला होता. मी उत्तर द्यायला सुरुवात केली आणि थांबेचना. कर्वे रस्त्यापासून घाटापर्यंत सगळे सांगितले, साहेबांची गोष्टसुद्धा सांगितली. तुम्ही मध्ये एकदाही बोलला नाहीत. एवढेच केलेत, की गॅरेजातला एकुलता एक टेबलफॅन उचलून आईच्या खुर्चीकडे वळवलात.

त्यानंतर जे झाले त्याचा तपशील मी फारसा लिहीत नाही, कारण ते काम तुमचे आहे आणि मी त्यात चुकीचे शब्द घालीन. परंतु निदान कसे झाले, एवढे मात्र मला लिहायचेच आहे. गाडी थोडी निवल्यावर तुम्ही इंजिन सुरू केलेत आणि तेलाचा रिकामा डबा उपडा घालून बॉनेटसमोर बसलात. काटा चढला, पंखा फिरला, काटा उतरला, पंखा थांबला. मला वाटले, आता तुम्हीही ‘पंखा ठीक आहे’ असे म्हणणार. तुम्ही म्हणालात, “थांबा की, आणखी एकदा बगू.” दुसऱ्यांदाही तो फिरला. तुम्ही जागचे उठला नाहीत. दरम्यान ट्रॅक्टर घेऊन एक जण आला, त्याला तुम्ही बसवून ठेवलेत. तिसऱ्या वेळी काटा नेहमीच्या जागेच्या वर गेला, पंख्याला वीज सोडणाऱ्या रिलेचा बारीक टक् असा आवाज आला आणि पंख्याची पाती मात्र तशीच उभी. तुम्ही मोटरच्या वायरला टेस्टर लावलात, त्याचा दिवा लख्ख लागला. म्हणजे वीज येत होती आणि मोटर ती घेत नव्हती. मग स्क्रूड्रायव्हरच्या मुठीने मोटरच्या पाठीवर हलकेच दोनदा ठोकलेत, आणि शिंक यावी तसा थरथरून तो पंखा फिरू लागला. तुम्ही माझ्याकडे पाहिलेत. त्या नजरेत ‘बघा, सापडला’ असा आनंद होता; माझ्या मूर्खपणाची किंवा इतरांच्या चुकांची कीव त्यात अजिबात नव्हती.

जुनी मोटर खोलून तुम्ही तिचे कार्बन, म्हणजे फिरत्या भागाला टेकून वीज पोचवणारे दोन तुकडे, माझ्या तळहातावर ठेवलेत. बोटाच्या पेराएवढे असायला हवेत ते हरभऱ्याच्या डाळीएवढे उरले होते. मोटर थंड असताना ते कसेबसे टेकत आणि तापली की साथ सोडत. सेवा केंद्रात थंड गाडीवर स्कॅनरने पंखा का फिरला, याचे उत्तर त्या दोन तुकड्यांत होते. त्या तरुणाचे यंत्र खोटे बोलत नव्हते. त्याने गाडी तापेपर्यंत वाट पाहिली नाही, इतकेच. कूलंटच्या टाकीत बोट बुडवून तुम्ही, ‘ह्ये तर नळाचं पाणी हाय’ असे पुटपुटलात, आणि दुसऱ्या गॅरेजच्या बिलाचाही निकाल लागला. हेडला धोका पोचलेला नाही, हेही तुम्ही तपासून सांगितलेत, तेव्हा 38,000 रुपयांचे ओझे माझ्या खांद्यावरून उतरले.

नवी मोटर आणि कूलंट कराडहून वडापच्या जीपमध्ये घालून आले, तोवर दोन तास गेले. बसवायला तुम्हाला फार वेळ लागला नाही.

आता त्या रेघांविषयी. पंखा बसवून झाला, मी पर्स उघडली, आणि तुम्ही म्हणालात, “पैसं ऱ्हाऊ द्या, आदी हिकडं या. कागूद हाय का एकादा?” माझ्या हाताला सेवा केंद्राचा तो अंदाजखर्चाचा कागद लागला. तुम्ही तो गाडीच्या तोंडाशी, जाळीसमोर धरलात आणि मला धरायला सांगितलात. काटा चढला, पंखा सुरू झाला आणि माझ्या बोटांतून तो कागद सुटून जाळीला जाऊन चिकटला. आतून कोणीतरी ओढून घ्यावा तसा. मी हात काढून घेतला तरी तो पडला नाही. पंखा थांबला तेव्हा हळूच सुटून माझ्या ओंजळीत आला, पाठीवर धुळीच्या रेघा घेऊन. मी निघायला वळले, तर तुम्ही पुन्हा तेच म्हणालात, “थांबा की, आणखी एकदा बगू.” आपण तीनदा पाहिले. तिन्ही वेळा कागद चिकटला. ट्रॅक्टरवाले गृहस्थही तोवर कौतुकाने येऊन उभे राहिले होते.

मिस्त्री, मोटर बदलणारे पुष्कळ भेटतील. त्या दिवशी मला सगळ्यांत जास्त आधार त्या कागदाने दिला. आजवर मला ‘झालंय मॅडम, घेऊन जा’ असे सांगितले जाई आणि मी विश्वास ठेवून निघत असे, कारण न ठेवून करणार काय? तुम्ही मला विश्वास ठेवायला सांगितलेच नाहीत. माझ्या हातात कागद दिलात आणि मला बघायला लावलेत. मी वर्गात मुलांना जे सांगत असते, की पुस्तकात आहे म्हणून मानू नका, करून बघा, ते माझ्या बाबतीत कोणी मोठ्या माणसाने इतक्या साधेपणाने केल्याचे मला आठवत नाही.

मला हल्ली वाटते, सज्जनपणा म्हणून आपण ज्याचा गौरव करतो त्यात गोड बोलण्याला फार भाव मिळतो. सेवा केंद्रातला तो तरुण तुमच्यापेक्षा कितीतरी गोड बोलत होता, पाणीही विचारत होता. तुम्ही तर मला दोनदा रागावलात, एकदा हीटर लावूनही घाट तसाच रेटल्याबद्दल आणि एकदा थर्मोस्टॅट काढू दिल्याबद्दल. (तो मी पुण्यात आल्यावर पहिल्याच आठवड्यात बसवून घेतला आहे.) परंतु समोरच्याचे म्हणणे शेवटपर्यंत ऐकणे, आपल्याला कळेपर्यंत थांबणे आणि मग तेवढ्याच कामाचे पैसे घेणे, हे ज्याला जमते त्याने थोडे रागावले तर बिघडत नाही. माझ्या ओळखीत असे एक दंतवैद्य आहेत आणि आमच्या शाळेत एक कारकून होते. संख्या फार नाही.

पैशांचेही सांगायला हवे. कराडच्या दुकानाचे बिल तुम्ही जसेच्या तसे माझ्यापुढे ठेवलेत आणि मजुरीचे 600 रुपये सांगितलेत. मी हजार काढले, तर चारशे परत देताना तुम्ही म्हणालात, “आजींना उसाचा रस पाजा.” तो पाजला. कराडच्या आधीच पाजला.

पुण्याला येईपर्यंत काटा मध्यावरून हलला नाही, पण मोकळ्या रस्त्यावरचा काटा काय सांगणार, हे मला आता कळत होते. खरी परीक्षा साताऱ्यापुढच्या आनेवाडीच्या टोलनाक्यावर झाली. संध्याकाळची वेळ, रांग लांबलचक, गाडी उभीच्या उभी. मी श्वास रोखून काट्याकडे पाहत होते. तो थोडा चढला आणि पुढून घों असा आवाज सुरू झाला. आईला हल्ली कमी ऐकू येते, पण तिलाही तो ऐकू आला. तिने विचारले, “आला का गं पंखा?” मी म्हटले, आला. मागच्या गाड्या हॉर्न वाजवू लागल्या होत्या, पुढची गाडी सरकली होती, आणि आई मला म्हणत होती, “थांब की, आणखी एकदा बघू.”

गणपतीत पुन्हा चिपळूणला जायचे आहे, त्याच रस्त्याने. आईची छत्री तुमच्या खुंटीला राहिली आहे. तोवर पावसात वापरायला हरकत नाही, फक्त तिची एक काडी मोडलेली आहे आणि ती मी दुरुस्त करीन म्हणून गेली चार वर्षे आईला सांगते आहे.

आपली नम्र,
हीटर लावून घाट चढलेल्या त्या बाई