नरकाचा अंक गाळून कसे चालेल?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीत बर्नार्ड शॉ यांच्या ‘मॅन अँड सुपरमॅन’ या नाटकाच्या चित्रित प्रयोगाचे परीक्षण वाचले. लंडनच्या नॅशनल थिएटरने २०१५ साली केलेल्या, सायमन गॉडविन दिग्दर्शित या प्रयोगातील रेफ फाइन्स आणि इंदिरा वर्मा यांच्या कामाचे कौतुक रास्तच आहे. मात्र तिसऱ्या अंकातला नरकाचा प्रवेश गाळला असता तर प्रयोग आटोपशीर झाला असता, हे परीक्षकांचे मत मला पटले नाही.

असे म्हणणारे ते पहिलेच नव्हेत, हे मान्य. १९०३ साली छापलेले हे नाटक १९०५ मध्ये लंडनच्या रॉयल कोर्ट थिएटरमध्ये प्रथम रंगभूमीवर आले, तेच मुळी या प्रवेशाशिवाय. गंमत अशी, की ‘डॉन वान’ या स्पॅनिश दंतकथेतल्या स्त्रीलंपट नायकावर नाटक का लिहीत नाही, असे शॉ यांना विचारले होते ते एका समीक्षकानेच, आणि आता ज्या प्रवेशात तो डॉन वान प्रत्यक्ष अवतरतो, त्यावरच समीक्षकांची कात्री!

हा प्रवेश काढला की उरते काय? अ‍ॅन नावाची चतुर मुलगी, क्रांतीच्या गप्पा मारणारा तिचा पालक टॅनर, त्याचे मोटारीतून थेट स्पेनला पलायन, आणि शेवटी त्याचे तिच्या जाळ्यात सापडणे. म्हणजे नवरा पटकावण्याची एक खुसखुशीत गोष्ट. पण सिएरा नेवाडाच्या डोंगरात दरोडेखोरांच्या तळावर टॅनरला स्वप्न पडते, त्यात तो डॉन वान होतो, अ‍ॅन त्याच दंतकथेतली डोना अ‍ॅना होते, दरोडेखोरांचा म्होरक्या सैतान होतो, आणि ‘जीवनशक्ती’, म्हणजे अधिक श्रेष्ठ जीव घडवू पाहणारी निसर्गातली प्रेरणा, माणसाला कुठे नेते आहे यावर वाद रंगतो. नरक म्हणजे यातना नव्हेत, तर सुखासीन कंटाळा, ही त्यातली कल्पना आजही चपखल वाटते. या प्रवेशाच्या शेवटी डोना अ‍ॅना ‘महामानवासाठी पिता हवा’ असा आक्रोश करते. तो कानांत घुमत असेल, तरच चौथ्या अंकात टॅनरला बोलता बोलता गाठणाऱ्या अ‍ॅनचा हट्ट केवळ नखरा वाटत नाही.

एरवी अशी लांबलचक भाषणे प्रेक्षागृहात मागच्या रांगेत बसून ऐकताना माझेही लक्ष उडाले असते. येथे कॅमेरा जवळ जातो, त्यामुळे फाइन्स धापा टाकल्यासारखे वाक्यांमागून वाक्ये फेकत असताना विचार आधी डोळ्यांत उमटतो आणि मग शब्दांत येतो, हे टिपता येते. माझ्या मागच्या गृहस्थांनी मात्र ‘अजून नरक संपला नाही का?’ असे मोठ्याने विचारले. त्यांचा राग मला समजतो, कारण खेळ साडेतीन तासांचा असल्याचे तिकिटावर कुठेही छापलेले नव्हते. ‘ती फुलराणी’मुळे शॉ आपल्याकडे घराघरांत पोहोचले असले, तरी हे नाटक त्या जातीचे नाही. आयोजकांनी पुढच्या खेळाच्या जाहिरातीत कालावधी ठळकपणे द्यावा, म्हणजे शेवटची लोकल गाठणाऱ्यांना अर्ध्यातून उठावे लागणार नाही.

आपली नियमित वाचक,
डोंबिवली