परीक्षणात पार्श्वसंगीत करणाऱ्याचंही नाव छापा

मा. संपादक,
स.न.

तुमच्या पेपरातल्या एका चित्रपट परीक्षणात 'पार्श्वसंगीत प्रसंगांना उठाव देतं' असं वाक्य वाचलं, बरं वाटलं, पण ते केलं कोणी हे पूर्ण लेखात कुठेच नाही. गाणी करणाऱ्याचं नाव होतं, कॅमेरा, एडिटिंग सगळ्यांची होती. मी स्वतः चार वर्षं सिनेमा-सिरीयलचं बॅकग्राउंड करतेय म्हणून ते लगेच खुपलं.

लोकांना वाटतं शूटिंग झालं की मागे थोडं म्युझिक टाकायचं. आधी डिरेक्टरसोबत बसून ठरतं की म्युझिक कुठे सुरू होणार, कुठे थांबणार आणि कुठे अजिबात नको, यातलं शेवटचं सगळ्यात अवघड. मग हिशोब. सेकंदाला २४ फ्रेम्स, टेम्पो १२०, म्हणजे मिनिटाला १२० ठोके धरले तर एक ठोका १२ फ्रेम्सचा, दार उघडतं त्याच फ्रेमवर ठोका पडावा म्हणून मी तिथून उलट मोजत येते, आणि पिक्चर लॉक झालं, म्हणजे आता एडिटमध्ये बदल नाही, असं सांगून चार दिवसांनी एडिटर ७ फ्रेम्स कापतो की अख्खा तुकडा परत बसवा, तोही रात्रीत, कारण सकाळी मिक्सिंग.

नव्या माणसाला खरा जाच टेम्प ट्रॅकचा. एडिट करताना दुसऱ्याच सिनेमाचं म्युझिक तात्पुरतं लावतात, तेच ऐकून ऐकून कान त्यावर बसतात आणि मग आम्हाला सांगतात, 'हेच पाहिजे, फक्त केस होणार नाही असं कर.' मोठ्यांचंही हे झालंय. '२००१: अ स्पेस ओडिसी'साठी अ‍ॅलेक्स नॉर्थने संगीत लिहून रेकॉर्ड केलं होतं, दिग्दर्शक कुब्रिकने तात्पुरत्या लावलेल्या जुन्या रचनाच ठेवल्या, आणि १९६८ मध्ये सिनेमा दाखवला तेव्हा नॉर्थला कळलं की आपला एकही सूर त्यात नाही!

डेली सिरीयलचं वेगळंच. तिथे रडण्याच्या, संशयाच्या, कटकारस्थानाच्या थीम्स एकदा करून द्यायच्या, त्या महिनोन्‌महिने रोज वाजतात. माझ्या अशाच एका मालिकेत शेवटच्या नावांत मी नव्हतेच, विचारलं तर म्हणाले राहून गेलं. कोणता तुकडा, किती सेकंद, कोणाचा हे लिहिलेली क्यू शीट असते, रॉयल्टी त्यावरून वाटली जाते, ती भरून घ्यायची असते हेही मला तेव्हा कोणी सांगितलं नव्हतं. पुढचं काम मागायला गेले तर माझ्याकडे दाखवायला काहीच नाही, त्या थीम घरोघरी पाठ असूनही.

म्हणून विनंती आहे, परीक्षणाच्या वर जी नावांची चौकट असते ना, त्यात 'संगीत' याच्याखाली 'पार्श्वसंगीत' अशी वेगळी ओळ द्या, बऱ्याचदा ही दोन माणसं वेगळी असतात. आणि ते वाईट झालं असेल तर तेही नावासकट लिहा, चालेल मला.

आपली,
एक नवोदित संगीतकार